एसी/डीसी : अँगस दिसतो, पण ऐकू येतो तो माल्कम

तिसरी_तार
एसी/डीसी या ऑस्ट्रेलियन हार्ड रॉक बँडचा विषय निघाला की गप्पा हमखास दोन वाटांनी जातात. एक म्हणजे शाळेचा गणवेश घालून स्टेजभर धावणारा गिटारवाला अँगस यंग, दुसरी म्हणजे आधीचा गायक बॉन स्कॉट भारी की नंतरचा ब्रायन जॉन्सन. दोन्ही वाटा मला आवडतात. पण हा धागा मी तिसऱ्या माणसासाठी काढतोय. तो मैफलभर मागे, अँप्लिफायरच्या भिंतीला पाठ लावून उभा असायचा. कोरसची ओळ आली की चार पावलं पुढे येऊन माइकवर गायचा आणि ओळ संपली की पुन्हा आपल्या जागी. माल्कम यंग. अँगसचा भाऊ. ऱ्हिदम गिटार, म्हणजे गाण्याचा ठेका आणि कॉर्ड धरून ठेवणारी.

माझं म्हणणं सरळ आहे. हा बँड पन्नास वर्षं टिकला तो माल्कमच्या उजव्या हातामुळे. गायक गेले, ड्रमर बदलले, बेसिस्ट बदलले, तरी पहिल्या दोन ठोक्यांत ‘हे एसी/डीसी’ असं कळतं, ते त्या हातामुळे.

ज्यांना पार्श्वभूमी माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. यंग कुटुंब मूळचं स्कॉटलंडमधल्या ग्लासगोचं. १९६३ मध्ये ते ऑस्ट्रेलियात सिडनीला आलं. थोरला भाऊ जॉर्ज तिथे ‘द ईझीबीट्स’मध्ये गिटार वाजवायचा आणि १९६६ च्या ‘फ्रायडे ऑन माय माइंड’मुळे ऑस्ट्रेलियाबाहेरही गाजला. म्हणजे घरातच एक पॉपस्टार होता आणि या धंद्यात पैसा कसा येतो, कसा बुडतो हे धाकट्यांनी जवळून पाहिलं होतं. १९७३ च्या नोव्हेंबरमध्ये माल्कम आणि अँगसने बँड उभा केला. त्या वर्षाच्या ३१ डिसेंबरला सिडनीच्या ‘चेकर्स’ नाइटक्लबमध्ये पहिला कार्यक्रम झाला. जॉर्ज आणि त्याचा जोडीदार हॅरी व्हँडा यांनी सुरुवातीचे सगळे अल्बम प्रोड्यूस केले. बहीण मार्गारेट, तिच्या डोक्यातून तो गणवेश निघाला. घरच्या घरी चाललेला कारखानाच होता तो.

आता माल्कमचं वाजवणं. त्याची गिटार १९६३ ची ग्रेच जेट फायरबर्ड, हॅरी व्हँडाकडून मिळालेली. माल्कमने तिचा रंग खरवडून काढला आणि बाकीचे पिकअप (तारांचा आवाज टिपणारी चुंबकं) काढून फक्त ब्रिजजवळचा एक ठेवला. तारा इतक्या जाड लावायचा की आजचे बहुतेक गिटारवाले त्यावर एक तासही टिकणार नाहीत. तिसरी तारसुद्धा गुंडाळीची. आणि अँप? हार्ड रॉक म्हटलं की डिस्टॉर्शनची नुसती घरघर, असं आपल्याला वाटतं. माल्कमचा आवाज त्या मानाने खूप स्वच्छ. कॉर्डमधली प्रत्येक तार वेगळी ऐकू येते. जोर येतो तो हातातून, यंत्रातून नाही.

‘बॅक इन ब्लॅक’ची सुरुवात हेडफोनवर ऐका. आधी हाय-हॅटची टिकटिक आणि दाबून धरलेल्या तारांची खरखर, मग ‘ई’चा एक दणका. पुढे गिटार गप्प. मग ‘डी’चे तीन फटके, पुन्हा गप्प. मग ‘ए’चे तीन. त्या गप्प जागांमध्ये फक्त ड्रम चालू असतात. नवा वाजवणारा नेमका तिथेच फसतो, कारण हात मोकळा राहिला की काहीतरी भरावंसं वाटतं. माल्कमला ते कधीच वाटलं नाही. ती रिकामी जागा हाच त्या गाण्याचा अर्धा जीव आहे.

तुम्हाला काय वाटतं ते लिहा. बॉनवाले आणि ब्रायनवाले, दोघांचंही स्वागत.

पडघम
उत्तम धागा. माल्कमबद्दल शब्द न् शब्द पटला, पण त्या हाताखाली कोण होतं तेही लिहायला हवं. बँडचा ड्रमर फिल रड. मी ड्रम वाजवतो. या बँडची गाणी शिकायला घेतली तेव्हा आठवड्याभरात होतील असं वाटलं होतं. ठेका कळायला एक दुपार पुरते. तो रडसारखा बसायला वर्षं जातात.

रड स्नेअरचा (कडक आवाजाच्या मधल्या ड्रमचा) ठोका बुडत्या लयीत, अगदी केसभर मागे ठेवतो. त्यामुळे गाणं घाई करत नाही, ऐटीत चालतं. भरणा, म्हणजे ओळींमधले जादा ठोके, जवळपास नाहीच. एका कडव्यातून दुसऱ्यात जाताना दुसरा कोणी चार टॉम वाजवून जाईल, रड एक क्रॅश मारतो आणि पुन्हा ठेक्यावर. आता १९८३ नंतरचे अल्बम ऐका. रड गेला, सायमन राइट आला. चांगला ड्रमर, चुका नाहीत, पण गाणी ताठ झाली. ‘फ्लाय ऑन द वॉल’ (१९८५) मला अजूनही पूर्ण ऐकवत नाही. त्याच्यानंतर क्रिस स्लेड आला. तो फार ताकदीचा माणूस, ‘थंडरस्ट्रक’ त्याच्याशिवाय तसं झालंच नसतं. पण १९९४ मध्ये रड परतला आणि पुढच्या वर्षीच्या ‘बॉलब्रेकर’मध्ये ती जुनी चाल परत आली.

म्हणून माझी दुरुस्ती : माल्कमचा उजवा हात अधिक रडचा डावा.

तिसरी_तार
@पडघम, दुरुस्ती मान्य. आणि क्लिफ विल्यम्सलाही जोडून घेऊ. १९७७ पासून त्याने बेसवर मूळ स्वर धरून ठेवले आणि कधी ‘मला बघा’ केलं नाही. आपण किती कमी वाजवतो याचा अभिमान असणारे तीन जण एका बँडमध्ये भेटले, हे मला फार दुर्मीळ वाटतं.

फ्रीमँटल_फॅन
माझं मत वेगळं आहे आणि ते मी ठामपणे मांडणार. माल्कम नसता तर बँड उभाच राहिला नसता, हे खरं. पण बॉन स्कॉट नसता तर तो सिडनीतल्या पबबाहेर पडला नसता.

बॉन १९७४ मध्ये बँडमध्ये आला तेव्हा २८ वर्षांचा होता आणि यंग भाऊ जेमतेम विशी गाठत होते. त्याने आधीच दोन-तीन बँड, मोटरसायकलचा भीषण अपघात आणि बरंच काही पाहून झालं होतं. त्यामुळे त्याच्या शब्दांत जगलेलं आयुष्य आहे. ‘इट्स अ लाँग वे टू द टॉप’ ऐका. रस्त्यावर लुटलं जाणं, मार खाणं, मोबदला न मिळणं, आणि तरी वाजवत राहणं. दौऱ्यावरच्या बँडचा हिशेबच आहे तो. त्यात बॅगपाइप्स आहेत. बॉन लहानपणी पाइप बँडमध्ये ड्रम वाजवायचा. जॉर्जला वाटलं तो पाइप्सच वाजवायचा, म्हणून ते वाद्य गाण्यात आलं आणि बॉनला शिकून घ्यावं लागलं. फेब्रुवारी १९७६ मध्ये मेलबर्नच्या स्वान्स्टन स्ट्रीटवर उघड्या ट्रकवर उभं राहून त्यांनी त्याचं चित्रीकरण केलं. ते दृश्य बघा : रस्त्यावरची माणसं आपापल्या कामाला चालली आहेत, काही थबकून बघताहेत आणि वर बॉन खांद्याला पाइप्स लावून हसतोय. हार्ड रॉक इतकं आपल्यातलं वाटणं मी दुसरीकडे पाहिलं नाही.

१९ फेब्रुवारी १९८० ला लंडनमध्ये तो गेला. रात्रभर दारू, मग मित्राच्या मोटारीत झोपलेला, तो उठलाच नाही. वय ३३. ‘हायवे टू हेल’मुळे अमेरिकेचं दार नुकतं किलकिलं झालं होतं. फ्रीमँटलच्या दफनभूमीत त्याच्या स्मृतिस्थळावर आजही जगभरातून लोक येतात. १ मार्च २०२० ला पर्थमध्ये कॅनिंग हायवेचा दहा किलोमीटरचा पट्टा बंद ठेवून त्याच्या स्मरणार्थ चालत्या ट्रकवर बँड वाजवले गेले. रस्ताच बंद ठेवला शहराने, हे कुठल्या गायकाच्या वाट्याला येतं?

रात्रपाळी
@फ्रीमँटल_फॅन, सुंदर लिहिलंय. पण ब्रायनच्या बाजूने कोणीतरी बोलायलाच हवं, कारण त्याच्या वाट्याला जे आलं ते अवघड होतं. मेलेल्या, लोकांच्या लाडक्या माणसाच्या जागी उभं राहायचं आणि तेही दोन महिन्यांच्या आत.

ब्रायन जॉन्सन इंग्लंडच्या न्यूकॅसलकडचा, ‘जॉर्डी’ नावाच्या बँडचा गायक. बॉनने त्याला पूर्वी ऐकलं होतं आणि बँडजवळ त्याचं कौतुकही केलं होतं. एप्रिल १९८० मध्ये सगळे बहामाजमधल्या नॅसॉच्या कंपास पॉइंट स्टुडिओत पोचले. निर्माता मट लँग, साउंड इंजिनिअर टोनी प्लॅट. बॉनच्या वहीतले शब्द वापरायचे नाहीत असं ठरलं, सगळं ब्रायनने नव्याने लिहायचं. बेटावर वादळ आलं होतं. गडगडाट आणि पाऊस ‘हेल्स बेल्स’च्या पहिल्या ओळींत तसेच उतरलेत.

आणि ती घंटा. इंग्लंडमधल्या लफबरोच्या जॉन टेलर फाउंड्रीत तिची ऑर्डर दिली होती, सुमारे एक टन वजनाची. तयार व्हायला उशीर होणार म्हणून आधी त्याच गावच्या युद्धस्मारक मनोऱ्यातल्या घंटेचं रेकॉर्डिंग करायला गेले. टोला पडला की आतले पक्षी फडफडत उडायचे आणि तो आवाज टेपवर यायचा. शेवटी फाउंड्रीतच बँडच्या घंटेवर टोले मारून ध्वनिमुद्रण केलं. एका शोकघंटेसाठी इतका खटाटोप. २५ जुलै १९८० ला अल्बम आला तो संपूर्ण काळ्या कव्हरमध्ये. रेकॉर्ड कंपनीला ते नको होतं, बँड हटला नाही. बॉनचं नाव कुठेही न घेता त्यांनी बॉनसाठी केलेला हा अल्बम २०१९ मध्ये एकट्या अमेरिकेत अडीच कोटींचा प्रमाणित आकडा गाठून बसला.

फ्रीमँटल_फॅन
@रात्रपाळी, ‘बॅक इन ब्लॅक’वर माझा काहीच आक्षेप नाही. पण एक गोष्ट लक्षात घ्या. ‘डर्टी डीड्स डन डर्ट चीप’ हा बॉनचा १९७६ चा अल्बम अटलांटिक कंपनीने तेव्हा अमेरिकेत काढलाच नव्हता. १९८१ मध्ये काढला आणि तो तिकडच्या यादीत ३ ऱ्या क्रमांकावर गेला. ‘बॅक इन ब्लॅक’ ४ थ्यापर्यंतच पोचला होता. पाच वर्षं जुना अल्बम, गायक जाऊन वर्ष झालेलं. अमेरिकेला बॉन कळायला तेवढा वेळ लागला, आणि तो हे बघायला नव्हता. मला याचा अजून राग येतो.

शब्दवेल्हाळ
धागा वाचतेय. संगीताबद्दल सगळ्यांनी छान लिहिलंय. पण वारशाबद्दल बोलायचं तर शब्दांबद्दलही बोलावं लागेल. यांच्या बऱ्याच गाण्यांत बाई म्हणजे शिकार, नाहीतर दोन अर्थांचा विनोद. बॉनच्या लेखणीत निदान खट्याळपणा होता, बऱ्याचदा फजिती त्याची स्वतःचीच होते. ब्रायनच्या काळात ते पुष्कळदा नुसतं ढोबळ झालं. ‘त्या काळी असंच होतं’ हे उत्तर मला पुरेसं वाटत नाही. त्याच काळात इतर लोक वेगळं लिहीत होते.

हे मी शत्रुत्वातून लिहीत नाही. ‘राइड ऑन’सारखं एकटं, थकलेलं गाणं त्यांनी केलंय आणि ते माझ्या फार जवळचं आहे. ते लिहू शकणारी माणसं इतर वेळी सोपी वाट धरतात, म्हणून जास्त लागतं.

तिसरी_तार
@शब्दवेल्हाळ, तुमचा मुद्दा मी उडवून लावणार नाही. ‘द रेझर्स एज’पासून (१९९०) शब्दही यंग भावांनीच लिहायला घेतले आणि त्यांच्यासाठी शब्द म्हणजे रिफवर (गिटारच्या पुन्हा पुन्हा येणाऱ्या तुकड्यावर) बसणारी अक्षरं, एवढंच होतं. आवाजावर आयुष्य वाहिलेली माणसं अर्थाबाबत बेफिकीर राहिली. ‘राइड ऑन’बद्दल मनापासून सहमत. अँगसचा तो सोलो त्याच्या सगळ्यांत संयमी सोलोंपैकी एक आहे.

जुनी_टेप
अवांतर वाटेल, पण वारसा म्हटला की हेही आलं. १८ जानेवारी १९९१ ला अमेरिकेत सॉल्ट लेक सिटीच्या कार्यक्रमात गर्दी पुढे रेटली गेली आणि तीन कोवळी मुलं चेंगरून मेली. बंदिस्त सभागृहात खुर्च्या नसलेली मोकळी जागा, पुढे जाण्याची चढाओढ. अशा कार्यक्रमांत पुढचा कठडा, मधल्या मोकळ्या वाटा, गर्दीवर नजर ठेवणारी माणसं हे सगळं कशासाठी असतं ते अशा रात्रींनी शिकवलं. त्याच वर्षी सप्टेंबरात मॉस्कोच्या तुशिनो विमानतळावर अफाट जनसमुदायापुढे हा बँड वाजला. त्या चित्रफितीचं सगळे कौतुक करतात, मीही करतो. पण एकाच वर्षातल्या दोन्ही गोष्टी सोबत आठवाव्यात असं मला वाटतं.

पडघम
@जुनी_टेप, लिहिलंत ते बरं केलंत. याबद्दल फार कमी बोललं जातं.

सप्तरंगी_आवाज
माझा प्रश्न सगळ्यांना. २०१४ नंतरच्या बँडला एसी/डीसी म्हणायचं का? माल्कम डिमेन्शियामुळे बाजूला झाला. रडला न्यूझीलंडमध्ये अटक झाली आणि पुढे नजरकैदेची शिक्षा. २०१६ मध्ये ब्रायनला डॉक्टरांनी सांगितलं, थांबा, नाहीतर ऐकू येणं पूर्ण जाईल. त्याच्या जागी ‘गन्स एन रोझेस’चा गायक अ‍ॅक्सल रोझ, पाय मोडलेला, लिस्बनला सिंहासनावर बसून गातोय. दौरा संपता संपता क्लिफही निवृत्त. उरला एकटा अँगस. मला ते बघवलं नाही. तिकिटं विकली गेली म्हणजे बँड जिवंत आहे असं नाही.

रात्रपाळी
अ‍ॅक्सलबद्दल तुमच्याइतका कठोर मी होणार नाही. तो आला तेव्हा लोकांनी तिकिटं परत केली, पण तो तयारी करून आला होता. ‘रिफ रॅफ’सारखी बॉनच्या काळातली, वर्षानुवर्षं न वाजलेली गाणी त्या दौऱ्यात परत आली. त्याने त्या गाण्यांचा मान राखला.

ब्रायनचं म्हणाल तर त्याने हार मानली नाही. कानात बसवायच्या नव्या तंत्राच्या मदतीने तो परत उभा राहिला. नोव्हेंबर २०२० च्या ‘पॉवर अप’मध्ये ब्रायन, रड, क्लिफ तिघेही परत आहेत.

तिसरी_तार
@सप्तरंगी_आवाज, या प्रश्नासाठीच धागा काढला होता म्हटलं तरी चालेल, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

माल्कमच्या जागी स्टीवी यंग आला. नात्याने पुतण्या, वयाने अँगसपेक्षा दोनेक वर्षांनीच लहान. १९८८ मध्ये माल्कम दारू सोडण्यासाठी दौऱ्यातून बाहेर पडला होता तेव्हाही स्टीवीनेच जागा सांभाळली होती. त्याला वाजवताना ऐका. तोही जाड तारा लावतो, तोही मधल्या जागा मोकळ्या सोडतो. माल्कमने काय वाजवलं हे कोणीही शिकेल, काय वाजवलं नाही हे कळायला त्या घरात वाढावं लागतं.

२०१७ च्या ऑक्टोबरात जॉर्ज गेला आणि महिन्याभरात, १८ नोव्हेंबरला माल्कम. वय ६४. अँगसने त्यानंतर काय केलं? दोघा भावांनी वर्षानुवर्षं रेकॉर्ड करून ठेवलेल्या रिफांचा साठा काढला. ‘पॉवर अप’मधल्या प्रत्येक गाण्याचे श्रेय अँगस आणि माल्कम यंग असंच आहे. माल्कम त्यात वाजवत नाही, पण कल्पना त्याच्या आहेत. ‘थ्रू द मिस्ट्स ऑफ टाइम’ ऐका, या बँडकडून इतकी हळवी चाल माझ्या अपेक्षेत नव्हती.

बिघडलेल्या डोक्यानिशी २००८ च्या ‘ब्लॅक आइस’नंतरच्या दौऱ्यात माल्कम रोज आपलीच गाणी नव्याने घोकून स्टेजवर जायचा, हे त्या भावाने जवळून पाहिलं होतं. डिसेंबर २००९ मधलं ब्वेनोस आयरेसच्या रिव्हर प्लेट स्टेडियमचं चित्रण उपलब्ध आहे. सारं मैदान उसळतंय, आणि मागे माल्कम. एक ठोका इकडचा तिकडे नाही. त्या माणसाच्या भावाने बँड बंद करावा की चालवावा हे त्याने ठरवावं. मी त्याला एसी/डीसीच म्हणणार.

सप्तरंगी_आवाज
‘पॉवर अप’मधली ती श्रेयनामावली माहीत होती, पण जुनी गाणी घोकण्याची गोष्ट नव्हती. अल्बमबद्दल माझं मत बदलतंय. २०२४ पासूनच्या दौऱ्याबद्दल मात्र नाही. आता ड्रमवर मॅट लॉग आणि बेसवर क्रिस चेनी आहेत. दोघे पट्टीचे वादक, पण तो ठेका ज्यांनी घडवला त्यातलं कोणीच आता मागे उभं नाही.

पडघम
मॅट लॉगचे व्हिडिओ पाहिले. रडची नक्कल करत नाही आणि भरणाही घालत नाही. त्याला संधी द्यावी.

नवखा_कान
सगळ्यांचे आभार, धाग्यातून खूप कळलं. मला ‘थंडरस्ट्रक’ आणि ‘हायवे टू हेल’ एवढीच गाणी माहीत आहेत. कुठून सुरुवात करू? सर्वोत्तम गाण्यांचा एखादा संग्रह आहे का?

रात्रपाळी
नाही. ‘ग्रेटेस्ट हिट्स’ नावाचा अल्बम त्यांनी कधी काढलाच नाही. अल्बम सलग ऐकावा, तुकड्यांत नको, हा त्यांचा हट्ट. त्यामुळे २०१२ च्या नोव्हेंबरपर्यंत गाणी आयट्यून्सवरसुद्धा नव्हती. ‘बॅक इन ब्लॅक’ पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐका.

फ्रीमँटल_फॅन
आणि लगेच ‘लेट देअर बी रॉक’ (१९७७).

तिसरी_तार
@नवखा_कान, माझं ऐकाल तर ‘इफ यू वाँट ब्लड’ने सुरुवात करा. १९७८ चा लाइव्ह अल्बम, त्यातला मोठा भाग ३० एप्रिलला ग्लासगोच्या अपोलो थिएटरात ध्वनिमुद्रित झालाय. यंग भावांचं जन्मगाव, समोर घरचे लोक, गायक बॉन, ड्रमवर रड, बेसवर क्लिफ. ‘रिफ रॅफ’ने सुरू होतो. ‘व्होल लॉट्टा रोझी’च्या रिफवर प्रेक्षक अँगसचं नाव ओरडताहेत. पहिल्यांदा नुसतं ऐका. दुसऱ्यांदा एका बाजूच्या स्पीकरकडे लक्ष द्या. दोन्ही गिटार वेगवेगळ्या बाजूंना ठेवल्यात. जी सोलो वाजवत नाही, ती माल्कमची. एक अख्खं गाणं फक्त तिच्यामागे जा आणि मग इथे येऊन लिहा.